जपानची २०५ मालिका: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जपानी उपनगरी गाड्यांविषयी लिहू लागल्यापासून २०५ मालिकेबद्दल जेवढी विचारणा होते, तेवढी इतर कोणत्याही गाडीबद्दल होत नाही. तेच ते प्रश्न पुन्हा पुन्हा येत असल्यामुळे त्यांची उत्तरे येथे एकत्र दिली आहेत. एका उत्तराचा दुसऱ्याशी संबंध असेल, तेथे प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. २०५ मालिका म्हणजे नेमकी कोणती गाडी?

तोक्योच्या यामानोते या वर्तुळाकार मार्गावर मार्च १९८५ मध्ये धावू लागलेली ही विजेवरची उपनगरी गाडी आहे. जपानी राष्ट्रीय रेल्वेने ती सुरू केली आणि १९८७ साली त्या रेल्वेचे विभाजन होऊन जेआर कंपन्या स्थापन झाल्यावरही १९९४ पर्यंत तिचे डबे बनत राहिले. एकूण १,४६१ डबे तयार झाले. प्रत्येक डबा सुमारे २० मीटर लांब आणि २.८ मीटर रुंद असून त्याला दोन्ही बाजूंनी चार-चार दरवाजे आहेत. आसने खिडक्यांना पाठ लावून लांबीच्या दिशेने मांडलेली आहेत. रुळांची रुंदी १,०६७ मिलिमीटर, वीज १,५०० व्होल्ट डीसी आणि बहुतेक गाड्यांचा कमाल वेग ताशी १०० किलोमीटर. यातील रुळांची रुंदी आणि विजेचा दाब लक्षात ठेवावा, कारण या गाडीच्या उत्तरायुष्याची दिशा याच दोन आकड्यांनी ठरवली (प्रश्न १०).

२. गाडी २०५ मालिकेची असूनही काही डब्यांवर २०४ हा आकडा का असतो?

या गाडीचे मोटार डबे जोडीने काम करतात. कंट्रोलर (मोटारींना जाणारी वीज नियंत्रित करणारी यंत्रणा) आणि पँटोग्राफ (छतावरून तारेतील वीज घेणारा सांगाडा) एका डब्यावर असतात, तर हवेचा कॉम्प्रेसर आणि सहायक वीजपुरवठ्याची यंत्रणा दुसऱ्या डब्याखाली असते. जोडीतील एका डब्याला विषम म्हणजे २०५ आणि दुसऱ्याला सम म्हणजे २०४ असा क्रमांक देण्याची तेथे जुनी पद्धत आहे. गाडीच्या दोन टोकांच्या चालक डब्यांनाही हाच नियम लागू होतो.

आकड्याआधीची जपानी अक्षरे डब्याचा प्रकार सांगतात. ‘कुहा’ म्हणजे चालकाची केबिन असलेला, पण मोटारी नसलेला डबा, ‘मोहा’ म्हणजे मोटार डबा आणि ‘साहा’ म्हणजे केबिन आणि मोटार दोन्ही नसलेला डबा. यातील ‘हा’ हे अक्षर ‘इ-रो-हा’ या जुन्या जपानी वर्णक्रमातील तिसरे असून ते मुळात तिसऱ्या वर्गाचे, म्हणजे आताच्या साध्या वर्गाचे चिन्ह आहे. आपल्याकडे ‘क’ वर्ग म्हणावे, तसे.

या नियमाला एक अपवाद आहे. ‘साहा २०४’ या डब्याचा मोटार डब्यांच्या जोडीशी काहीही संबंध नसून तो सहा दरवाज्यांचा खास डबा आहे (प्रश्न ६).

३. २०१ मालिका नवीच असताना ही वेगळी गाडी बनवण्याची गरज का पडली?

पैशांची ओढाताण हे त्याचे मुख्य कारण होते. तिच्या आधीच्या २०१ मालिकेत चॉपर नियंत्रण होते. त्या काळातील मोठे सेमीकंडक्टर वापरून मोटारींचा वीजप्रवाह अत्यंत वेगाने चालू-बंद करणारी ही पद्धत विजेची बचत करत असे, पण ती फार महाग पडे. राष्ट्रीय रेल्वे त्या वेळी प्रचंड कर्जात बुडालेली होती. दुसरीकडे, जुनी १०३ मालिका आणखी बनवत राहणे विजेच्या खर्चामुळे परवडणारे नव्हते. म्हणून बनवायला स्वस्त, चालवायला काटकसरी आणि देखभालीला सोपी अशी गाडी थोड्या अवधीत उभी करण्याचे ठरले.

या घाईत अभियंत्यांनी दाखवलेल्या विवेकाचे मला मनापासून कौतुक वाटते. नवे काही तरी करून दाखवण्याच्या मोहात न पडता त्यांनी प्रत्येक भागासाठी पुरेसे चांगले आणि हाताळायला सोपे असेच तंत्र निवडले. मोटारी नेहमीच्या डीसी सीरीज प्रकारच्या, १२० किलोवॉटच्या ठेवल्या. बोगीतील, म्हणजे डब्याखालच्या चाकांच्या चौकटीतील, बोल्स्टर हा वजनदार आडवा भाग काढून टाकला. ब्रेकसाठी डब्याडब्यांतून हवेच्या दाबाने जाणाऱ्या आज्ञेऐवजी विजेच्या तारांतून जाणारी आज्ञा स्वीकारली, त्यामुळे ब्रेक लवकर लागू लागला आणि नळ्यांचे जाळेही कमी झाले.

४. रेझिस्टन्स नियंत्रणाची गाडी असूनही ती ब्रेक लावताना वीज परत कशी देते?

गाडी सुटताना २०५ मालिका जुन्या गाड्यांप्रमाणेच रेझिस्टन्स (विजेच्या वाटेतला रोध) टप्प्याटप्प्याने कमी करत वेग घेते. सीरीज मोटारीत आर्मेचर (फिरणारा भाग) आणि फील्ड (त्याभोवती चुंबकीय क्षेत्र निर्माण करणारी गुंडाळी) यांतून एकच प्रवाह वाहतो. त्यामुळे ब्रेक लावताना फील्डची ताकद स्वतंत्रपणे वाढवता येत नाही आणि मोटारीने निर्माण केलेली वीज ओव्हरहेड वायरमध्ये परत ढकलणे अवघड होते.

२०५ मालिकेत यावर साधा पण हुशार उपाय केलेला आहे. एका लहान सहायक यंत्रणेतून फील्डला बाहेरून वेगळा प्रवाह पुरवला जातो. ब्रेक लागताना हा प्रवाह फील्ड बळकट करतो, मोटारीत तयार होणाऱ्या विजेचा दाब तारेतील दाबाच्या वर जातो आणि वीज आसपास वेग घेत असलेल्या दुसऱ्या गाडीला मिळते. मोठे चॉपर उपकरण न बसवताही विजेची बचत साधली, ती या युक्तीमुळे. मात्र ती वीज घेणारी गाडी जवळपास नसेल, तर ब्रेकचे काम हवेच्या ब्रेकलाच करावे लागते.

५. स्टेनलेस स्टीलचे एवढे कौतुक कशासाठी?

साध्या पोलादाचा डबा गंजतो, त्यामुळे गंजाने खाल्ल्या जाणाऱ्या थराचा विचार करून पत्रा जाड घ्यावा लागतो आणि ठरावीक काळाने रंगही द्यावा लागतो. स्टेनलेस डब्याला यातील काहीच लागत नाही. पत्रा पातळ चालतो, वजन घटते आणि कारखान्यातील रंगकामाचा खर्च वाचतो.

हे तंत्र मुळात राष्ट्रीय रेल्वेचे नव्हते. तोक्यू कार या कंपनीने अमेरिकेतील बड कंपनीच्या परवान्याने स्टेनलेस डबे बनवायला सुरुवात केली होती आणि पुढे संगणकावर ताणांचे गणित मांडून स्वतःचा हलका स्टेनलेस डबा विकसित केला होता. राष्ट्रीय रेल्वेला मात्र एकाच कारखान्यावर अवलंबून राहणे मान्य नव्हते. तिच्या आग्रहामुळे तोक्यू कारने हे ज्ञान प्रतिस्पर्धी कारखान्यांनाही खुले केले. जपानमधील उपनगरी गाड्या पुढे झपाट्याने रुपेरी होत गेल्या, त्यामागे या निर्णयाचा मोठा वाटा आहे.

जुन्या स्टेनलेस गाड्यांचा पत्रा पन्हाळीसारखा खोलगट असे. २०५ मालिकेच्या डब्याजवळ उभे राहून पाहिले, तर खिडक्यांखाली लांबच लांब गेलेल्या मोजक्या उभार रेषा तेवढ्या दिसतात आणि उरलेला पत्रा जवळजवळ सपाट असतो. रंग देण्याऐवजी मार्ग ओळखता यावा म्हणून रंगीत पट्टी चिकटवलेली असते. यामानोतेची पट्टी पोपटी होती आणि केइयो मार्गाची गडद लाल. गाडीची बदली झाली की पट्टी बदलली, एवढ्यावर काम भागत असे.

६. सहा दरवाज्यांचा डबा खरोखर होता का? त्यात बसायला जागा कशी मिळत असे?

होय, आणि सकाळच्या गर्दीच्या वेळी त्यात बसायला जागा मिळतच नसे. यामानोते मार्गावर गाडीच्या वेळापत्रकाचा घात गर्दीपेक्षाही चढ-उतार करण्यात जाणाऱ्या वेळाने होतो. एका फलाटावर दहा सेकंद जास्त गेले, तर मागच्या प्रत्येक गाडीला उशीर होतो. म्हणून १९९० साली २०५ मालिकेच्या गाडीत प्रत्येक बाजूला सहा दरवाजे असलेल्या डब्याची चाचणी घेण्यात आली. १९९१ च्या अखेरीस यामानोतेच्या गाड्या दहाच्या अकरा डब्यांच्या झाल्या, तेव्हा वाढलेला डबा हाच होता.

त्यातील आसने भिंतीला दुमडून कुलूपबंद ठेवलेली असत आणि सकाळी दहानंतरच उघडली जात. तोपर्यंत सर्वांनी उभ्यानेच प्रवास करायचा. याविषयी तेथील प्रवाशांची नाराजी मला समजू शकते, कारण पहाटेच्या पहिल्या गाडीत गर्दी नसतानाही वृद्ध माणसाला त्या डब्यात बसता येत नसे. यामानोतेवरून २०५ मालिका गेल्यानंतर यातील बरेच डबे साइक्यो मार्गाच्या गाड्यांत जोडले गेले.

७. यामानोतेवरून ही गाडी कधी हटली आणि पुढे कुठे गेली?

नवी ई२३१ मालिका २००२ साली यामानोतेवर आली आणि एप्रिल २००५ मध्ये २०५ मालिकेने तो मार्ग सोडला. तोवर योकोहामा, नाम्बू, साइक्यो, केइयो, सागामी, मुसाशिनो अशा मार्गांवर या मालिकेच्या गाड्या धावतच होत्या. यामानोतेवरून मोकळे झालेले डबे थोडे थोडे करून इतरत्र वाटले गेले.

या वाटपात एक पेच निर्माण झाला. अकरा डब्यांच्या गाडीला केबिनचे डबे दोनच असतात. पण त्सुरुमीसारख्या लहान मार्गांना तीन डब्यांच्या, तर सेनसेकीला चार डब्यांच्या गाड्या हव्या होत्या, म्हणजे डब्यांच्या मानाने केबिन पुष्कळ लागणार होत्या. त्यामुळे मधल्या डब्यांचे एक टोक कापून त्यावर नवी केबिन बसवण्यात आली. त्सुरुमी, हाचिको आणि सेनसेकी मार्गांवरील गाड्यांचा चेहरा मूळ २०५ मालिकेपेक्षा वेगळा दिसतो, तो यामुळे. केइयो आणि सागामी मार्गांवरील वेगळे चेहरे मात्र कापाकापीतून आलेले नाहीत. ते डबे पहिल्यापासूनच तसे बनवले होते.

८. मुसाशिनो मार्गावरची २०५ मालिका सुरू होताना वेगळा आवाज का करत असे?

कारण तिच्या मोटारी आणि कंट्रोलर दोन्ही बदललेले होते. मुसाशिनोवरच्या आठ डब्यांच्या जुन्या गाड्यांत सहा मोटार डबे असत. यामानोतेवरून आलेल्या डब्यांतून प्रत्येक गाडीला एवढे मोटार डबे पुरवणे शक्य नव्हते. तेव्हा चार मोटार डब्यांवरच सहांचे काम व्हावे म्हणून त्यांत एसी मोटारी आणि त्यांना जाणाऱ्या विजेचा दाब व वारंवारता बदलणारे व्हीव्हीव्हीएफ इन्व्हर्टर बसवले गेले. या गाड्या ५००० उपमालिका म्हणून ओळखल्या जातात. प्रश्न ४ मध्ये वर्णन केलेली युक्ती त्यांना लागू नाही.

९. २०११ च्या त्सुनामीत वाहून गेलेली गाडी २०५ मालिकेचीच होती का?

होय. सेनसेकी मार्ग सेंदाईहून इशिनोमाकीकडे किनाऱ्याकिनाऱ्याने जातो. ११ मार्च २०११ रोजी दुपारी २ वाजून ४६ मिनिटांनी भूकंप झाला, तेव्हा नोबिरू स्थानकातून परस्परविरुद्ध दिशांना दोन गाड्या नुकत्याच सुटलेल्या होत्या. दोन्ही २०५ मालिकेच्या होत्या आणि दोन्ही जागच्या जागी थांबल्या.

सेंदाईकडे निघालेली गाडी सखल भागात उभी राहिली. तिच्यातील प्रवाशांना नियमाप्रमाणे उतरवून जवळच्या प्राथमिक शाळेत नेण्यात आले. त्सुनामीने ती चार डब्यांची गाडी रुळांवरून उचलून काटकोनात मोडल्यासारखी टाकून दिली, पण पाणी शाळेच्या व्यायामशाळेतही शिरले आणि तेथे आसरा घेतलेल्यांपैकी काहींचे प्राण गेले. इशिनोमाकीकडे निघालेली गाडी चढावरच्या उंच जागी थांबली होती. त्या भागाची माहिती असलेल्या प्रवाशाने ‘खाली उतरण्यापेक्षा इथेच थांबणे सुरक्षित’ असे सांगितल्यावर लोक गाडीतच थांबले. चहूबाजूंनी पाणी असताना त्यांनी ती थंडीची रात्र डब्यात काढली आणि ते वाचले.

‘मग गाडीतून उतरवले हे चूक होते का?’ असे पुष्कळ वाचक विचारतात. ज्यांनी प्रवाशांना शाळेत नेले, त्यांनी त्या क्षणी योग्य वाटणारी आणि ठरवून दिलेली कृती केली होती. घरबसल्या त्यांना दोष देणे मला मान्य नाही. या घटनेतून उंच जागा म्हणजे नेमकी किती उंच, हा प्रश्न मात्र साऱ्या किनारी रेल्वेमार्गांपुढे उभा राहिला. सेनसेकी मार्ग ३० मे २०१५ रोजी पूर्णपणे पुन्हा सुरू झाला, तेव्हा नोबिरू आणि शेजारचे तोना ही दोन्ही स्थानके उंचावर हलवलेली होती. नोबिरूच्या जुन्या स्थानकाची इमारत आता स्मारक म्हणून जतन केलेली आहे.

१०. जकार्तामध्येच एवढ्या गाड्या का गेल्या?

जावा बेटावरील रेल्वे डच राजवटीत उभारली गेली आणि तिचे रूळही १,०६७ मिलिमीटरचेच आहेत. जकार्ताच्या, म्हणजे तेव्हाच्या बताव्हियाच्या, उपनगरी मार्गाचे विद्युतीकरण एप्रिल १९२५ मध्ये १,५०० व्होल्ट डीसीवर झाले. जपानी गाडीला तेथे चाके किंवा वीजयंत्रणा बदलावी लागत नाही.

जकार्ताकडे जुन्या जपानी गाड्यांचा ओघ २००० साली तोक्यो महानगराच्या तोएई भुयारी रेल्वेच्या डब्यांपासून सुरू झाला. २०५ मालिकेचे आगमन २०१३ मध्ये झाले. प्रथम साइक्यो मार्गाचे १८०, मग योकोहामा आणि नाम्बूचे मिळून २९६ आणि २०१८ ते २०२० या काळात मुसाशिनोचे ३३६ असे ८१२ डबे तेथे पोहोचले. एकूण बनलेल्या डब्यांपैकी हे निम्म्याहून अधिक भरतात. जपानमध्ये इंजिन लावून ते निइगाताच्या पूर्व बंदरावर आणले जात आणि तेथून जहाजाने जकार्ताच्या तांजुंग प्रिओक बंदरात उतरवले जात.

११. जकार्तात गेल्यावर गाडीत काय बदल केले गेले?

नवी रंगसंगती दिली गेली, मार्गफलकांवर इंडोनेशियन नावे आली आणि दगडफेकीपासून बचाव म्हणून समोरच्या काचेवर लोखंडी जाळी बसवली गेली. टोकाचे डबे स्त्रियांसाठी राखीव असतात. जपानमध्ये सहा, आठ किंवा दहा डब्यांनी धावणारे रेक तेथे जोडून-तोडून बारा डब्यांपर्यंत वाढवले गेले.

पण डब्याच्या आत डोकावले तर जुने दिवस पुरते पुसले गेलेले नाहीत, हे कळते. कित्येक डब्यांत दोन डब्यांमधल्या दाराच्या वर ‘तोक्यू शार्यो’ (प्रश्न ५ मधील तोक्यू कारचे जपानी नाव) यासारख्या कारखान्याची जपानी अक्षरांतील छोटी पाटी आणि डब्याचा मूळ क्रमांक जसाच्या तसा आहे. जकार्ताजवळच्या बोगोरच्या गाडीत दांडीला धरून उभ्या असलेल्या माणसाच्या डोक्यावर यामानोतेच्या काळातली ती पाटी असते.

१२. मग इंडोनेशिया आता जपानी जुन्या गाड्या का घेत नाही?

गाड्यांविषयी तक्रार असल्यामुळे नव्हे. २०२३ साली जकार्ताच्या उपनगरी रेल्वेने जपानच्या ई२१७ मालिकेच्या जुन्या गाड्या मागितल्या होत्या, पण देशातील उद्योगाला काम मिळावे या भूमिकेतून सरकारने ती आयात नाकारली. त्यानंतर इंडोनेशियाच्या इन्का कारखान्याकडे नव्या गाड्यांची मागणी नोंदवण्यात आली आणि तातडीची गरज भागवण्यासाठी काही नव्या गाड्या चीनच्या सीआरआरसीकडून घेण्यात आल्या. स्वतःचा कारखाना जगवायचा की आजच्या प्रवाशाची गर्दी आधी हलकी करायची, हा पेच खरा आहे. माझे मत विचाराल तर दारात लटकणाऱ्या प्रवाशाची बाजू आधी ऐकली पाहिजे.

१३. अशा गाड्या मुंबईत आणता आल्या असत्या का?

नाही. मुंबईतील पहिली विजेवरची गाडी ३ फेब्रुवारी १९२५ रोजी १,५०० व्होल्ट डीसीवरच धावली. जकार्ताच्या दोनच महिने आधी, आणि विजेचा दाबही तोच. तरीही बाकी काहीच जुळत नाही. आपले रूळ १,६७६ मिलिमीटरचे आहेत. बोगी बदलली असे मानले, तरी मुंबई लोकलचा डबा सुमारे ३.६६ मीटर रुंद असल्यामुळे २.८ मीटरचा जपानी डबा फलाटापासून सुमारे ४३ सेंटिमीटर दूर उभा राहील. शिवाय २०१६ पासून मुंबईची सगळी उपनगरी रेल्वे २५,००० व्होल्ट एसीवर चालते.

१४. गाडीचे आयुष्य किती धरायचे? १९९३ ची २०९ मालिका तर ‘निम्म्या आयुष्याची’ म्हणून बनवली होती ना?

२०५ मालिकेनंतर आलेल्या २०९ मालिकेचे घोषवाक्य ‘वजन निम्मे, किंमत निम्मी, आयुष्य निम्मे’ असे होते. त्याचा अर्थ गाडी तेवढ्याच वर्षांत मोडीत काढायची असा नव्हता. करहिशोबात तिची किंमत सुमारे तेरा वर्षांत वसूल झाली, की मोठी दुरुस्ती करण्याची सक्ती उरू नये, एवढाच त्यामागे हेतू होता. केइहिन-तोहोकू मार्गावरून २०१० मध्ये हटल्यावर २०९ मालिकेचे पुष्कळ डबेही दुरुस्त होऊन बोसो द्वीपकल्पात धावू लागले.

२०५ मालिकेचा हिशोब उलटा आहे. तिच्यासाठी कोणी आयुष्याचे घोषवाक्य केले नाही. ऐंशीच्या दशकात यामानोतेसाठी बनलेला डबा २००५ च्या आसपास मोटारी बदलून मुसाशिनोवर गेला आणि तीस वर्षे उलटल्यावर जहाजात चढला, असा प्रवास शेकडो डब्यांनी केला आहे. सांगाडा न गंजणारा, वीजयंत्रणा कोणत्याही अनुभवी कारशेडला समजणारी आणि सुटे भाग मुबलक, ही त्यामागची कारणे.

१५. जपानमध्ये ही गाडी शेवटी कोठे पाहायला मिळाली? फुजी पर्वताजवळची ६००० मालिका म्हणजे हीच का?

तोक्यो परिसरातून ती एकेक करून गेली. मुसाशिनोवरून २०२० मध्ये, सागामी आणि निक्को मार्गांवरून २०२२ मध्ये हटली आणि त्सुरुमी मार्गावर डिसेंबर २०२३ पासून तिची जागा ई१३१ मालिका घेऊ लागली. पश्चिमेकडील जेआर कंपनीकडे मुळातच केवळ ४८ डबे होते. त्यांतील चार डब्यांच्या गाड्या २०१८ पासून क्योतो आणि नारा यांमधील मार्गावर आल्या.

फुजी पर्वताजवळच्या फुजीक्यू या रेल्वे कंपनीची ६००० मालिका म्हणजे २०५ मालिकाच आहे. ओत्सुकी ते कावागुचिको या डोंगरी मार्गासाठी जेआरकडून डबे घेऊन त्यांच्या तीन-तीन डब्यांच्या गाड्या केल्या गेल्या आणि त्या २०१२ साली सुरू झाल्या. आतील रचना मितोओका एइजी या प्रसिद्ध रचनाकाराची असून त्यात लाकडाचा वापर सढळ आहे. एकेकाळी वर्तुळाकार मार्गावर मिनिटामिनिटाला दार उघडणारा डबा तेथे फुजीच्या पायथ्याशी थांबतो आणि थंडी आत येऊ नये म्हणून दरवाजा ज्याचा त्याने बटण दाबून उघडायचा असतो.